भिंतीवरचे पंचांग आणि परमुलखातले घर

(मंडळाच्या सुवर्णमहोत्सवी व्याख्यानमालेत दिलेल्या भाषणाचे लेखी रूप)



चिटणीसांनी भाषणाचा विषय विचारला तेव्हा आम्ही 'पंचांग' असे सांगितले, आणि त्यांची मुद्रा किंचित चिंताक्रांत झाली. आता तासभर राशिभविष्य ऐकावे लागणार, असे त्यांना वाटले असावे. ती भीती आरंभीच दूर करतो. ग्रहांची शुभाशुभ फळे हा आजचा विषय नाही. त्या शास्त्रावर आमची फारशी श्रद्धाही नाही. आम्हांला बोलावयाचे आहे ते स्वयंपाकघराच्या दाराशेजारी खिळ्याला टांगलेल्या, हळदीची बोटे उमटलेल्या, कोपरे दुमडलेल्या त्या बारा पानांविषयी, आणि ती पाने महाराष्ट्रापासून चौदाशे किलोमीटर दूर असलेल्या घरात कोणते काम करतात याविषयी.

रामकृष्णपुरम् ही सरकारी नोकरांची वसाहत. येथे भिंती सरकारच्या, दारे-खिडक्या सरकारच्या, रंग कोणता द्यावयाचा हे ठरविणारे खातेही सरकारचेच. बढती मिळाली की मोठ्या क्वार्टरमध्ये जावयाचे, निवृत्त झाले की मुदतीत किल्ली परत करावयाची. अशा घरात माणसाचे स्वतःचे असे काय असते? सामानसुमान असते खरे, पण ते हलते असते. नव्या घरात पाऊल टाकल्यावर भांडी मांडण्यापूर्वी गृहिणी विचारते, 'कालनिर्णय कुठे लावायचे?' आणि मग आधीच्या कुटुंबाने ठोकून ठेवलेल्या खिळ्याचा शोध सुरू होतो. तो खिळाही बहुधा पंचांगाचाच असतो. कधी तेथे पूर्वी तमिळ पंचांगम् लटकलेले असते, कधी बंगाली पंजिका, तर कधी ओडिया पांजी.

पंचांग भिंतीवर आले ही तशी अलीकडची गोष्ट होय. त्याआधी ते जोशीबुवांच्या काखेत असे. पाडव्याला जोशी घरी येत, वर्षफल वाचीत, शिधा घेऊन जात. तिथी कोणती हे विचारावयाचे तर त्यांच्याच दारी जावे लागे. तीनशेहून अधिक वर्षे महाराष्ट्रातील पंचांगे कोकणातील नांदगावच्या गणेश दैवज्ञांनी १५२० साली रचलेल्या 'ग्रहलाघव' ग्रंथावरून हाताने गणली आणि लिहिली जात होती. १८३१ मध्ये गणपत कृष्णाजींनी मुंबईत शिळाप्रेसवर मराठी पंचांग छापले. छापाच्या शाईत चरबी असते म्हणून सोवळ्यातले लोक कचरत, तेव्हा त्यांनी तुपाची शाई वापरली असे सांगतात. छापील पंचांग पुढे घरोघर गेले, पण ते पुस्तकरूप होते; देवघरात किंवा फडताळात ठेवावयाचे आणि कर्त्या पुरुषाने काढून पाहावयाचे. सोलापुरात लक्ष्मणशास्त्री दाते यांनी शके १८३८ पासून, म्हणजे १९१६-१७ पासून सुरू केलेले पंचांग आजही अनेक घरांत त्याच मानाने ठेवलेले असते.

१९७३ मध्ये जयंतराव साळगावकरांनी 'कालनिर्णय' काढले आणि पंचांग फडताळातून भिंतीवर आले. साळगावकर हे स्वतः ज्योतिषाचे जाणकार, त्यातच 'शब्दरंजन' कोडी चालविलेले; सामान्य वाचकाला काय हवे असते याची त्यांना नेमकी जाण होती. इंग्रजी तारखेच्या मोठ्या चौकोनात तिथी, नक्षत्र, सण, उपास हे सारे त्यांनी बसविले. हिंदूंच्या सणांशेजारी मुसलमानांचे, ख्रिस्त्यांचे, पारशांचे दिवसही आले. पानांच्या पाठीवर पाककृती, डॉक्टरांचे सल्ले, मान्यवरांचे लेख आले. आमच्या मते यात खरी क्रांती होती ती एवढीच की आजची तिथी कोणती हे सांगण्याचा अधिकार जोशीबुवांकडून आणि घरातल्या कर्त्या पुरुषाकडून निघून स्वयंपाकघरात आला. उपास कधी धरावा, कधी सोडावा, हळदीकुंकू कोणत्या दिवशी करावे, हे आता जिला ते करावयाचे असते तीच वर मान करून पाहू लागली. समाजसुधारणेच्या इतिहासात या गोष्टीची नोंद झालेली आमच्या वाचनात नाही. योगायोगाची गोष्ट अशी की ज्या १९७३ साली मुंबईत हे घडले, त्याच साली आपल्या सेक्टर सातच्या टेकडीवर स्वामीनाथाचे, म्हणजे मलई मंदिराचे, मुख्य देऊळ प्रतिष्ठापित झाले, आणि या वसाहतीतल्या तमिळ घरांच्या कालगणनेलाही आपले असे केंद्र मिळाले.

दिल्लीच्या थंडीत नाताळच्या सुमारास मुंबईहून किंवा पुण्याहून येणाऱ्या प्रत्येक पाहुण्याच्या वळकटीत गुंडाळलेली दोन-चार कालनिर्णये असतच. पंजाब मेलने किंवा झेलमने आलेल्या माणसाला घरात घेताना लोक आधी लाडवांचा डबा घेत की पंचांगाची सुरळी, हे सांगणे कठीण. पुढे मंडळानेच ती एकगठ्ठा मागवून वाटावयास आरंभ केला. मंडळाच्या उपक्रमांत या वाटपाचा उल्लेख क्वचितच होतो. नाटके आणि गणेशोत्सव यांचीच छायाचित्रे छापून येतात. पण नवीन बदलून आलेल्या कुटुंबाचा मंडळाशी पहिला संबंध कित्येकदा या सुरळीमुळेच आला आहे.

आता मुख्य मुद्द्याकडे वळतो. महाराष्ट्रात छापलेले पंचांग दिल्लीच्या भिंतीवर लावले की दोन अडचणी उद्भवतात. एक महिन्याच्या नावाची आणि दुसरी वेळेची.

आपला महिना अमावास्येला संपतो. शुक्ल प्रतिपदेस सुरू व्हावयाचा, आधी शुक्लपक्ष, मग कृष्णपक्ष. उत्तरेत महिना पौर्णिमेला संपतो; तेथे कृष्णपक्ष आधी आणि शुक्लपक्ष नंतर. शुक्लपक्षात दोघांच्या महिन्यांची नावे सारखी असतात, कृष्णपक्षात मात्र उत्तरेचे नाव आपल्यापेक्षा एका महिन्याने पुढे असते. म्हणून आपली गोकुळाष्टमी श्रावण वद्य अष्टमीची, तर शेजारच्या शर्मांची जन्माष्टमी भाद्रपद कृष्ण अष्टमीची. आपली महाशिवरात्र माघातली, त्यांची फाल्गुनातली. आपला पितृपंधरवडा भाद्रपदातला, त्यांचा आश्विनातला. रात्र एकच, चंद्र एकच, उपासही एकच. नाव तेवढे निराळे. वर्षारंभाचीही तीच गंमत आहे. पाडवा हा आपल्या चैत्राचा पहिला दिवस; येथे मात्र होळीच्या दुसऱ्याच दिवशी चैत्र लागतो आणि नवे विक्रम संवत्सर त्या महिन्याच्या मध्यावर उगवते. महिना आधी आणि वर्ष मागाहून, ही गोष्ट आमच्या दिल्लीतील पहिल्या वर्षी आम्हांला कोणी समजावून सांगितली असती तर भाजीवाल्याशी घातलेला एक वाद वाचला असता.

श्रावणात हा घोटाळा मुलांपर्यंत पोचतो. शाळेतले मित्र 'सावन लग गया' म्हणून सोमवार धरू लागतात, त्यानंतर पंधरा दिवसांनी आपला श्रावण येतो. २०२३ साली तर अधिक श्रावण होता. उत्तरेच्या रीतीप्रमाणे अधिक मास निज महिन्याच्या दोन पक्षांच्या मधोमध बसतो. त्यामुळे त्यांचा श्रावण जुलैच्या आरंभापासून ऑगस्टच्या अखेरपर्यंत एकोणसाठ दिवस चालला आणि त्यात आठ सोमवार आले. आपला निज श्रावण १७ ऑगस्टला सुरू झाला. शेजाऱ्यांचा श्रावण राखीपौर्णिमेला संपला तेव्हा आपला ऐन मध्यावर होता. वसाहतीतल्या एका बालिकेने आईला विचारले होते, 'आपला श्रावण उशिरा का येतो? महाराष्ट्रातून येतो म्हणून का?' आम्हांला या प्रश्नाचे याहून चांगले उत्तर सुचलेले नाही.

हे सारे गमतीचे खरे. पण एका ठिकाणी गंमत संपते. आमच्या परिचयाच्या एका कुटुंबातील वृद्ध गृहस्थ दिल्लीत पावसाळ्यात वारले. अंत्यविधीसाठी जे भटजी मिळाले ते येथलेच होते. त्यांनी आपल्या रीतीने कागदावर लिहून दिले: भाद्रपद कृष्ण पंचमी. मुलांनी तो कागद जपून ठेवला. पुढे क्वार्टर सुटला, मुले पुण्यास स्थायिक झाली, आणि दरसाल त्या कागदाप्रमाणे भाद्रपद वद्य पंचमीस वडिलांचे श्राद्ध करू लागली. वस्तुतः आपल्या गणनेने वडील श्रावण वद्य पंचमीस गेले होते. श्राद्ध दरसाल एक महिना उशिरा होत होते. चूक ध्यानात येण्याचा मार्गही नव्हता, कारण भाद्रपद वद्य पंचमी ही ऐन पितृपक्षातली तिथी. त्या दिवसांत घरोघर पितरांचे स्मरण चालूच असते, त्यामुळे कोणाला शंका येण्याचे कारण नव्हते. अनेक वर्षांनी आईच्या जुन्या ट्रंकेत त्या सालचे कालनिर्णय सापडले. ऑगस्टच्या एका चौकोनात त्या माउलीने पेन्सिलीने दोन अक्षरे लिहिली होती: 'हे गेले.' आणि त्याच चौकोनात बारीक अक्षरांत छापले होते, श्रावण कृ. ५.

श्राद्धावर विश्वास असावा की नसावा हा ज्याचा त्याचा प्रश्न. पण त्या मुलांना जे वाटले ते धर्मशास्त्राच्या चुकीबद्दल वाटले नसावे. वडील ज्या दिवशी गेले तो दिवस दरसाल नकळत ओलांडला जात होता, कोणी कोणाला दूरध्वनी केला नव्हता, कोणी घरात दिवा लावला नव्हता, याचे त्यांना दुःख होते. आई मात्र तो दिवस जाणून होती. ती काही बोलली नाही. मुलगे सुशिक्षित, भटजींनी लिहून दिलेले. आपले काही चुकत असेल, असेच तिला वाटले असावे.

दुसरी अडचण वेळेची. संकष्टी चतुर्थीचा उपास चंद्रोदयानंतर सुटतो आणि कालनिर्णयाच्या चौकोनात मुंबईचा चंद्रोदय दिलेला असतो. दिल्ली मुंबईच्या पूर्वेस सुमारे सव्वाचार अंश. एका अंशाला चार मिनिटे या हिशेबाने चंद्र येथे सतराएक मिनिटे आधी उगवावा. पण हे गणित एवढे सरळ नाही, कारण दिल्ली उत्तरेसही बरीच आहे. कार्तिक-मार्गशीर्षातल्या वद्य चतुर्थीचा चंद्र आकाशात उत्तरेकडे असतो. तो उत्तरेच्या गावांना अधिकच लवकर दिसतो, आणि फरक अर्ध्या तासावर जातो. उलट वैशाख-ज्येष्ठातल्या वद्य चतुर्थीचा चंद्र दक्षिणेकडे झुकलेला असतो, तेव्हा अक्षांशाने झालेला उशीर रेखांशाची आघाडी जवळजवळ खाऊन टाकतो आणि दोन्ही शहरांत तो एकाच सुमारास उगवतो. म्हणजे 'मुंबईच्या वेळेतून वीस मिनिटे वजा करा' हा जो ठोकताळा आपल्या भगिनीवर्गात प्रचलित आहे तो वर्षातून काही महिनेच खरा ठरतो. थंडीत उपाशी माणसाला विनाकारण थांबावे लागते. उन्हाळ्यात मात्र चंद्र उगवण्याआधीच मोदक पानात पडतो. पंचांगाच्या आत गावोगावच्या वेळांची कोष्टके असतात. ती पाहण्याची सवय मात्र फार थोड्यांना.

या संकष्टीच्या निमित्ताने एक दृश्य सांगण्याजोगे आहे. आश्विन वद्य चतुर्थी ही आपली संकष्टी; तीच उत्तरेची कार्तिक कृष्ण चतुर्थी, म्हणजे करवा चौथ. त्या संध्याकाळी क्वार्टरांच्या गच्चीवर पंजाबी भगिनी नटूनथटून चाळणी घेऊन उभ्या असतात आणि त्यांच्याच शेजारी एखादी मराठी बाई साध्या सुती साडीत, हातात दूर्वा आणि पाण्याचा तांब्या घेऊन त्याच चंद्राची वाट पाहत असते. एकीला पतीच्या आयुष्यासाठी चंद्र हवा, दुसरीला गणपतीच्या नैवेद्यासाठी. दिल्लीच्या धुरकट आकाशात तो दोघींनाही लवकर दिसत नाही. मग 'दिसला का हो?' आणि 'निकल आया क्या?' असे एकाच कठड्यावरून विचारणे चालते.

शेजाऱ्यांच्या पंचांगांविषयी थोडे बोलावयास हवे, कारण आपल्या पंचांगाचे स्वरूप त्यांच्याशेजारी ठेवले म्हणजेच नीट कळते. आम्ही बरीच वर्षे एका ओडिया कुटुंबाच्या समोरच्या घरात राहत होतो. त्यांच्याकडची पांजी ही आपल्या कालनिर्णयासारखीच घरातील सर्वांची वस्तू. वर्षारंभ आपल्यासारखा पाडव्याला नव्हे. मेष संक्रांतीला, म्हणजे १४ एप्रिलच्या सुमारास, पणा संक्रांत म्हणून. त्या दिवशी बेलाच्या गराचे पन्हे करतात आणि नव्या पांजीतले वर्षफल ऐकतात. महिन्यांची गणना मात्र पौर्णिमान्त. त्यामुळे त्यांचे सावित्री व्रत ज्येष्ठ अमावास्येस, तर आपली वटपौर्णिमा तिच्यानंतर पंधरा दिवसांनी. मार्गशीर्षातले गुरुवार दोन्ही घरी लक्ष्मीचेच. आपल्याकडे कलश मांडून भद्रश्रवा राजाची आणि शामबालेची कथा वाचतात; त्यांच्याकडे 'माणबसा' म्हणतात, धान्याच्या मापाची पूजा होते, उंबऱ्यापासून तांदळाच्या पिठाने लक्ष्मीची पावले काढतात आणि बलराम दासांचे लक्ष्मीपुराण वाचतात. त्या पुराणातली लक्ष्मी श्रिया चांडाळणीच्या स्वच्छ सारवलेल्या घरी पाऊल टाकते आणि त्यासाठी जगन्नाथाच्या घरातून बाहेर पडणे पत्करते. सोळाव्या शतकातील या कथेची धार आपल्या गुरुवारच्या पोथीत नाही, हे मान्य करावयास हवे.

मात्र दोन्हीकडचा मार्गशीर्ष एकाच दिवशी सुरू होत नाही. २०२३ साली त्यांचे गुरुवार ३० नोव्हेंबरपासून लागले, आपले १४ डिसेंबरपासून. १४ आणि २१ डिसेंबर हे दोनच गुरुवार सामाईक. आमच्या समोरच्या घरी आणि आमच्या घरी पूर्वी असा परिपाठ होता की सामाईक गुरुवारी नैवेद्याची देवघेव व्हावयाची. तेवढ्यासाठी डिसेंबरच्या आरंभी दोन्ही गृहिणी आपापली पंचांगे भिंतीवरून काढून जेवणाच्या टेबलावर शेजारी-शेजारी मांडीत. त्यांना एकमेकींची लिपी येत नव्हती. इंग्रजी आकडे मात्र दोन्हीकडे समान होते.

या ओडिया पांजीमागे जो पुरुष उभा आहे त्याचे नाव महाराष्ट्रात फार थोड्यांना ठाऊक असेल. खंडपडा संस्थानातील सामंत चंद्रशेखर, लोक ज्यांना पठाणी सामंत म्हणत, हे १८३५ साली जन्मले आणि १९०४ साली निवर्तले. दुर्बीण नाही, इंग्रजी ज्योतिषाचा परिचय नाही. बांबूच्या आणि लाकडाच्या स्वतः केलेल्या साधनांनी त्यांनी आयुष्यभर ग्रह पाहिले, जुन्या ग्रंथांत दिलेली स्थाने आकाशाशी जुळत नाहीत असे त्यांना आढळले, आणि ती दुरुस्त करून त्यांनी संस्कृतात 'सिद्धांतदर्पण' लिहिला. तो १८९९ मध्ये कटकच्या प्राध्यापक जोगेशचंद्र राय यांच्या प्रस्तावनेसह प्रसिद्ध झाला. पुरीच्या देवळातील उत्सवांच्या गणनेस त्यांचा आधार घेतला जातो.

याच काळात पुण्यात केरो लक्ष्मण छत्रे तेच दुखणे दुसऱ्या औषधाने बरे करू पाहत होते. त्यांनी १८६० मध्ये युरोपीय कोष्टकांच्या आधारे 'ग्रहसाधनाची कोष्टके' प्रसिद्ध केली आणि १८६५ पासून आबासाहेब पटवर्धनांच्या साहाय्याने नवे पंचांग काढले. ते 'पटवर्धनी' म्हणून ओळखले गेले. त्यांच्यामागून शंकर बाळकृष्ण दीक्षित, व्यंकटेश बापूजी केतकर आणि लोकमान्य टिळक हे सारे या वादात उतरले. १९०४ साली मुंबईत आणि १९२० साली सांगलीत परिषदा भरल्या. वाद मिटला नाहीच. राशिचक्राचा आरंभ नेमका कोठून धरावा यावर मतभेद राहिले, आणि टिळक पंचांग व इतर पंचांगे यांत सुमारे चार अंशांचे अंतर राहिले. त्यामुळे टिळक पंचांगाची मकरसंक्रांत १० जानेवारीच्या आसपास येते, आणि क्वचित अधिक मासच वेगळा पडून सणांत महिन्याचे अंतर होते. रत्नागिरीकडच्या काही घरांत यावरून व्याह्या-व्याह्यांत अबोला आल्याचे आम्ही ऐकले आहे. ओडिशात एका माणसाने एकट्याने पाहिले आणि प्रदेशाने स्वीकारले. महाराष्ट्रात पुष्कळ विद्वानांनी मिळून विचार केला आणि दोन संक्रांती झाल्या! पण हा टोमणा झाला. खरे सांगावयाचे तर पंचांगाची तिथी आकाशाशी जुळलीच पाहिजे, हा आग्रह लोकांच्या गळी उतरविण्याचे श्रेय या पुणेरी वादालाच द्यावयास हवे.

दिल्लीत बसून सरकारी पंचांगाविषयी बोलू नये हे बरे दिसणार नाही. देशात तीसएक निरनिराळ्या कालगणना चालू आहेत हे पाहून १९५२ च्या नोव्हेंबरात डॉ. मेघनाद साहा यांच्या अध्यक्षतेखाली पंचांग सुधारणा समिती नेमली गेली. तीत नागपूरचे डॉ. के. ल. दप्तरी, पुण्याचे ज. स. करंदीकर, उज्जैनचे आर. व्ही. वैद्य अशी आपली माणसे होती. १९५५ मध्ये अहवाल आला आणि २२ मार्च १९५७, म्हणजे १ चैत्र १८७९ शके, या दिवसापासून राष्ट्रीय दिनदर्शिका अमलात आली. राजपत्रावर ती तारीख छापली जाते. कोलकात्याहून चौदा भाषांत राष्ट्रीय पंचांगही निघते. त्यात मराठी आहे आणि ओडियाही आहे. परंतु आपल्या वसाहतीतील वेस्ट ब्लॉकच्या कचेऱ्यांत आयुष्य घालविलेल्या, रोज राजपत्र हाताळणाऱ्या सभासदांना आम्ही कित्येकदा विचारले आहे: आज राष्ट्रीय तारीख कोणती? उत्तर देणारा भेटला नाही. त्या पंचांगाचा चैत्र सूर्याच्या गतीवर चालतो, त्याचा पाडव्याशी संबंध नाही. आणि ज्या दिनांकाशी एकही पुरणपोळी निगडित नाही तो घरात येणार कसा? साहांच्या समितीचे गणित निर्दोष होते. घर गणितावर चालत नाही, एवढेच.

कचेरीचा दुसरा संबंध सुट्टीचा. केंद्र सरकारच्या नोकराला वर्षाला ऐच्छिक सुट्ट्या दोन. दिल्लीत गुढीपाडवा ऐच्छिक आणि गणेशचतुर्थीही ऐच्छिक. जानेवारीत नवे कालनिर्णय लागले की नवराबायकोंत पहिली वाटाघाट यावर. पाडवा रविवारी आला की घरात आनंद, कारण एक 'आर. एच.' वाचली, ती मग संक्रांतीला किंवा एखाद्या भाचीच्या लग्नाला उपयोगी पडावयाची. त्या दोन सुट्ट्यांभोवती काढलेली लाल वर्तुळे आम्ही अनेक घरांच्या भिंतींवर पाहिली आहेत.

आणि ही हाताने केलेली नोंदच आमच्या मते या पंचांगाचा सर्वांत मोलाचा भाग होय. छापील मजकूर सर्वांच्या घरी सारखाच. प्रत्येक घराचे पंचांग निराळे होते ते रिकाम्या जागेत लिहिलेल्या अक्षरांनी. मदर डेअरीच्या टोकनांचा हिशेब, गॅसचा नंबर लावल्याची तारीख, कामवालीचे खाडे, मुलाची परीक्षा, सासूबाईंचे इंजेक्शन, 'दादांचे पत्र आले', 'पाणी नाही', 'पगार'. एका भगिनीने आम्हांला १९८४ सालचे पान दाखविले. ३१ ऑक्टोबरच्या आणि त्यापुढच्या तीन चौकोनांत एकच शब्द होता: 'घरातच'. इंदिराजींच्या हत्येनंतरच्या त्या भीषण दिवसांवर पुष्कळ लिहिले गेले आहे. एका मराठी घरातील त्या दिवसांची लेखी नोंद मात्र एवढीच, आणि तीही दुधाच्या हिशेबाशेजारी.

दुर्दैवाने वर्ष संपले की हे पान पुस्तकांना कव्हर घालावयास, कपाटात अंथरावयास किंवा रद्दीत जाते. पंचांग जुने झाले की त्याचा उपयोग संपतो, असा समज आहे. वस्तुतः घराच्या दृष्टीने त्याचा उपयोग तेव्हापासून सुरू होतो, हे त्या श्रावण वद्य पंचमीच्या उदाहरणावरून ध्यानात यावे. क्वार्टर सुटतात; सरोजिनीनगर, नौरोजीनगर येथील जुनी घरे तर पाडूनही झाली, आणि त्यांच्या भिंतींबरोबर ते खिळेही गेले. घरात जन्मले कोण, गेले कोण, कोणत्या तिथीस, हे लिहून ठेवलेला दुसरा कागद या घरांत फारसा नसतो.

तरुण मंडळी म्हणतील की आता हे सारे भ्रमणध्वनीत असते. खरे आहे. दिल्लीचा चंद्रोदय तेथे मिनिटापर्यंत अचूक मिळतो, आणि आमच्या वीस मिनिटांच्या ठोकताळ्यापेक्षा तो निःसंशय चांगला. संकष्टीसाठी तोच पाहावा. परंतु त्या यंत्रावरील अनेक पंचांगे महिना उत्तरेच्या रीतीने सांगतात. मांडणीत 'अमान्त' हा पर्याय निवडला आहे की नाही हे पाहून घ्यावे, आणि ज्येष्ठांसाठी ते काम नातवंडांनी करावे. शिवाय यंत्र एकाच्या खिशात असते. भिंतीवरचे पान येता-जाता सर्वांना दिसते, आणि नवऱ्याने लिहिलेले बायकोस व बायकोने लिहिलेले मुलांस न विचारता वाचता येते.

मंडळाने सुवर्णमहोत्सवानिमित्त काही कायमचे काम हाती घ्यावे असे कार्यकारिणीत ठरत आहे, म्हणून दोन सूचना करतो. एक, दरसाल कालनिर्णयांबरोबर एक साधा चतकोर कागद छापून द्यावा. त्यावर बारा संकष्ट्यांचे दिल्लीचे चंद्रोदय, आणि खाली प्रत्येक कृष्णपक्षाचे आपले व उत्तरेचे नाव समोरासमोर. दिल्लीच्या भटजींनी तिथी लिहून दिली तर तिच्यापुढे 'अमान्त' की 'पौर्णिमान्त' हे तेथल्या तेथे लिहवून घ्यावे, असेही त्यावर ठळक अक्षरांत असावे. खर्च अगदी नाममात्र आहे, आणि गणित करून देण्यास आम्ही तयार आहोत.

दुसरी सूचना अशी की ज्यांच्याकडे जुनी पंचांगे आहेत त्यांनी ती रद्दीत न देता मंडळाच्या कार्यालयात आणावीत. लिहिलेल्या पानांची छायाचित्रे काढून मूळ पाने त्या त्या कुटुंबास परत करता येतील. खाजगी मजकूर असेल तर तो झाकून घेता येईल. आतापर्यंत नऊ घरांतून पाने आली आहेत. सर्वांत जुने पान १९७६ सालचे असून त्यावर फेब्रुवारीच्या एका चौकोनात निळ्या शाईने लिहिले आहे: 'से. ९ मध्ये आलो. खिळा आहे.'